पुढच्या चाकांची खांदशेकणी

आवाज

ब्रेक लावला की गाडी खरवडायची. पाट्यावर कोरडंच काही वाटावं तसा आवाज पुढच्या डाव्या चाकातून यायचा. घरातले सगळे त्याला इतके सरावले होते की रागिणी मोर्शीची शाळा करून परतल्याचं माणिकबाईंना फाटकाशी त्या आवाजानंच कळायचं, आणि त्या चहाचं आधण ठेवायच्या. ब्रेकचा एवढाच उपयोग राहिलाय, असं विपुल म्हणायचा. विपुल म्हणजे माणिकबाईंचा मुलगा, रागिणीचा नवरा. अकोल्याला सरकीच्या तेलाच्या कारखान्यात कामाला होता, महिन्यातून दोनदा घरी यायचा आणि आल्यावर गाडीबद्दल फार बोलायचा.

मग ऐन श्रावणात रागिणीची बदली झाली. तालुका धारणी.

धारणी म्हणजे मेळघाट. परतवाड्यापुढे घाट चढायचा, उतरायचा आणि सागाच्या जंगलातून जात राहायचं. शनिवारी सकाळची शाळा सुटून बस धरली तर परतवाड्यात उतरेपर्यंत गावाकडची शेवटची गाडी गेलेली. रात्र कुणाकडे तरी काढायची, रविवारी दुपारी घरी पोचायचं आणि जेवून हात वाळायच्या आत पुन्हा निघायचं. आकांक्षा सहा वर्षांची. तिला तिकडे न्यायचं की इथे आजीपाशी ठेवायचं यावर घरात बरंच बोलणं झालं. ते फिरून फिरून एकाच जागी येऊन बसायचं. गाडी असली तर रागिणी दर शनिवारी संध्याकाळी लेकीपाशी. गाडी नसली तर महिन्याकाठी एखादी खेप, तीही जमली तर.

आणि गाडी खुशालरावांची.

खुशालराव रागिणीचे सासरे. बैलजोडी विकली त्या साली त्यांनी नागपूरच्या एका हौशी माणसाकडून ती घेतली होती. त्या माणसानं तिला रुंद पाकळ्यांची चमकदार चाकं बसवून घेतली होती. पाकळ्यांच्या मधून आतलं सगळं दिसायचं, हात घातला तर लागायचाही. खुशालराव स्वतः चालवायला कधी शिकले नाहीत. ते डाव्या सीटवर बसायचे आणि चालवणाऱ्याला सांगायचे.

त्यांनी अट घातली ती जेवणाच्या ताटावर, भाकरी मोडता मोडता.

“मी संगं येतो. घाट उतरून दाखव. ब्रेकनं दगा देल्ला त चाबी माह्यापाशी, अन् तू बसनं जाशीन.”

“अन् नाई देल्ला त?” रागिणीनं विचारलं.

“त मंग ने.”

माणिकबाई म्हणाल्या की पोरीला आधी ब्रेक तरी नीट करून द्या, मग परीक्षा घ्या. हे खुशालरावांना पटलं.


एकच बैल

अमरावतीला वलगाव रोडवर अजहरचं गॅरेज. बाप गयासुद्दीन ट्रॅक्टरचं काम करायचा, तेव्हापासून खुशालरावांची ओळख. अजहरनं पुढची दोन्ही चाकं काढून भिंतीला टेकवली आणि रागिणीला जवळ बोलावलं.

चाकामागे लोखंडाची गोल थाळी असते, ती चाकाबरोबर फिरते. तीच डिस्क. ब्रेक दाबला की दोन पॅड तिला दोन्हीकडून चिमट्यासारखे धरतात. डावी थाळी झिजून मधे खोलगट झाली होती आणि कडेला काठ उरला होता, परातीला असतो तसा. रागिणीनं नख फिरवलं, नख खाचांत अडकलं. किती जाडीपर्यंत वापरायची ते डिस्कच्या कडेवरच कोरलेलं असतं. अजहरनं मोजली. डावी त्याच्या खाली गेली होती. उजवी अजून थोडी वर होती.

“मंग डावी बदल,” खुशालराव म्हणाले.

अजहरनं सांगितलं की दोन्ही बदलाव्या लागतात.

खुशालरावांना हे मान्य होण्यासारखं नव्हतं. एक बैल बसला म्हणून कुणी जोडी विकत नाही. दुसऱ्याच्या शिंगांची, उंचीची, चालीची बरोबरी पाहून एकच आणतात. बाजारात दोन-चार खेपा होतात, पण एकच आणतात. जुन्याच्या जोडीला नवा जुंपला की जुना त्याला शिकवतो आणि आठ-पंधरा दिवसांत दोघं एकसारखे ओढायला लागतात. हे सगळं त्यांनी अजहरला समजावून सांगितलं. आवाज चढवला नाही, पण सोडलंही नाही. उजवी चांगली असताना फेकणं म्हणजे उभा बैल कसायाला देणं, असंही म्हणाले.

अजहर हात पुसत ऐकत होता. शेवटी म्हणाला, “काकाजी, बैलाले समजते, संगंचा हळू चालून राहिला. याले नाई समजत. हे नवी पक्की धरन, ते जुनी ढिली धरन, अन् गाडी वाकडी जाईन.”

“तुह्या बापानं ट्रॅक्टरचा एकच टायर बदलून देल्ला होता मले.”

“तो टायर होता, काकाजी.”

रागिणीला ते घाटातलं वळण दिसत होतं ज्यावर ती अजून गेलेलीच नव्हती. ती म्हणाली, दोन्ही बदला.

खुशालराव बाहेर जाऊन बाकावर बसले.


विपुलची जोडी

इथे अकोला मधे येतं. विपुलनं फोनवर सांगितलं की काहीच घेऊ नका, मी आणून राहिलो, आणि दुपारी खरंच अकोल्याहून एक खोकं घेऊन आला. खोक्यातल्या डिस्कना भोकं होती, नक्षीत पाडल्यासारखी, आणि मधला भाग लाल रंगवलेला. शर्यतीच्या गाड्यांना असतात तशा, विपुल म्हणाला. खुशालराव बाकावरून उठून पाहायला आले. त्यांना त्या आवडल्या. भोकातून हवा जाते म्हणजे गार राहणार, हे कुणीही सांगेल.

अजहरनं जुनी डिस्क जमिनीवर ठेवली आणि त्यावर नवी ठेवली. बोल्टांची भोकं जुळली. घेरही जुळला. मग त्यानं दोन्ही उभ्या धरून कड दाखवली. गाडीची जुनी डिस्क पोकळ होती: दोन पत्रे आणि मधे फासळ्या, त्यातून वारा फिरायचा. विपुलची भरीव. या मॉडेलला आधीच्या वर्षांत भरीव यायची, नंतर पोकळ. भरीव थाळी जाडीला कमी; ती या गाडीच्या चिमट्यात बसवली तर पॅड नवे असेतोवर चालेल, झिजले की धरणार नाही. आणि घाटात भरीव थाळी तापते.

“भोकं हायेत ना पण,” विपुल म्हणाला.

“भोकं तर चाळणीलेई असतात, भाऊ.”

विपुल हसला, पण त्याला लागलं. जुन्याच लेथवर घासून घ्याव्यात का, असं त्यानं आणखी एकदा विचारून पाहिलं. घासायला अंगावर मांसच उरलं नाही, असं उत्तर मिळालं. तो खोकं घेऊन पाचच्या गाडीनं अकोल्याला परत गेला. अजहरनं दुकानातून पोकळ जोडी मागवली. साधी, बिनभोकांची, दोन्ही एकाच खोक्यातली. पॅडही नवे.


एका माणसाचं बोलणं, चार कानांनी

अजहर चाकापाशी उकिडवा बसून जे बोलला ते दोघांनीही ऐकलं.

नव्या डिस्कना चिकट तेल होतं. त्यानं पेट्रोलचा फडका घेऊन ते पुसून काढलं, एकदा, पुन्हा एकदा. खुशालरावांनी विचारलं, काहून पुसून राहिला? अजहर मान वर न करता म्हणाला की गंज लागू नये म्हणून कंपनी लावून पाठवते. दुकानात पडून राहतात ना महिने महिने.

रागिणीनं ऐकलं: तेल पुसायचं असतं.

खुशालरावांनी ऐकलं: तेल कंपनीनं लावलं होतं. यानं काढलं.

मग अजहर म्हणाला की गाडी थांबते तेव्हा सगळा भार पुढे येतो, म्हणून पुढचे ब्रेक महत्त्वाचे. हाताला ग्रीस होतं, म्हणून मनगटानंच त्यानं स्वतःच्या खांद्यावर थोपटून दाखवलं. “यायच्या खांद्यावर येते सारा भार, काकाजी. या दोघाईच्या.”

रागिणीनं ऐकलं: उतारावर भार आणखी पुढे येणार.

खुशालरावांनी ऐकलं: खांदा.

शेवटचं रागिणीसाठी होतं. नवी डिस्क, नवे पॅड, अजून एकमेकांच्या ओळखीचे नाहीत. पहिले काही दिवस ब्रेक जरा हलका वाटेल. घाबरायचं नाही, जोरात दाबायचं नाही; हळूहळू लावत गेलं की बसतो. रागिणीनं हे मनात घट्ट धरून ठेवलं, आणि पुढे त्याचाच घोटाळा झाला.


आवतन

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी बैलांची खांदशेकणी करतात. वर्षभर जू वाहिलेल्या खांद्यांना कोमट तूप आणि हळद लावून पळसाच्या पानानं शेकायचं, आणि बैलाला उद्याच्या जेवणाचं आमंत्रण द्यायचं. जोडी विकल्यापासून खुशालराव त्या संध्याकाळी घरात थांबत नसत. पारावर जाऊन बसत आणि अंधार पडला की येत.

यंदा ते घरीच होते.

रागिणी धारणीला न्यायची भांडी निवडत होती. स्वयंपाकघराच्या खिडकीतून गोठा दिसतो. गोठ्यात आता गाडी असते. खुशालराव धोतर वर खोचून पुढच्या डाव्या चाकापाशी बसले होते. शेजारी तुपाची वाटी. पळसाचं पान गुंडाळून त्यांनी ते चाकाच्या पाकळ्यांमधून आत घातलं होतं आणि हात गोल फिरत होता, सावकाश. मग ते उठून पलीकडे गेले. पलीकडे भिंत जवळ आहे, तिथे नीट बसता येत नाही. थोडा वेळ वाकून काहीतरी केलं आणि परत आले. बॉनेटवर तळहात ठेवला.

“आज आवतन घ्या, उद्या जेवाले या.”

हळू म्हणाले, पण तिला ऐकू आलं. माणिकबाईंनाही आलं. त्या काहीच बोलल्या नाहीत, वाटीभर तूप गेल्याचंही नाही. रागिणीला वाटलं आपण खिडकीतून बाजूला व्हावं, आणि ती झाली. माणूस आपल्या गाडीपाशी असा बसलेला असताना पाकळ्यांच्या आत नेमकं काय चाललंय हे विचारायला जायचं नसतं. तिनं विचारलं नाही.


पोळा

गाडीला पुरणपोळीचा नैवेद्य. गाडी उभीच होती.


उजवी सीट, डावी सीट

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ते परीक्षेला निघाले. रुजू व्हायला अजून दोन दिवस होते.

उजव्या सीटवर रागिणी. चांदूर बाजारच्या अलीकडे गाडीपुढे बकऱ्या आल्या. तिनं ब्रेक लावला. गाडी थांबली, पण मनाजोगती नाही. तिला अजहरचं बोलणं आठवलं आणि ती निर्धास्त राहिली. ओळख व्हायचीय अजून.

डाव्या सीटवर खुशालराव. मांडीवर टोपी, तिच्यात संत्री. बकऱ्यांकडे पाहून म्हणाले, “लांबूनच लावत जाय.”

उजवी सीट. परतवाडा गेलं, चढ लागला. चढाला ब्रेकचं काम नसतं. दुसरा गिअर, तिसरा, पुन्हा दुसरा. हिरवं इतकं की दोन्हीकडून काचेला घासत होतं. तिला बरं वाटत होतं. शनिवारी इथून किती वाजता पास होऊ याचा ती मनातल्या मनात हिशेब मांडत होती.

डावी सीट. चढ चांगला चढते, म्हणाले. पण चढाचं काय, चढ तर गाढवही चढते.

उजवी सीट. घटांग मागे पडलं आणि रस्ता खाली वळला. पहिलं वळण तिसऱ्यात. ब्रेक. पायाखाली ब्रेक घट्ट लागला, गाडी मात्र ऐकेना. दुसरं वळण. तिनं दाबला, जरा जोरात, आणि स्टिअरिंग हातातून उजवीकडे जायला लागलं. उजवीकडे समोरून येणाऱ्यांची बाजू. तिनं ओढून धरलं.

डावी सीट. “इकडं घे. इकडं. तिकडं कुठी चालली?”

उजवी सीट. मी नाही चालले, ती चालली. हे म्हणायला वेळ नव्हता. तिनं दुसरा गिअर टाकला, गाडीनं मोठ्यानं हुंदका दिला आणि वेग थोडा पडला.

डावी सीट. एक संत्रं टोपीतून खाली पडलं आणि पायाशी घरंगळत राहिलं.

उजवी सीट. पहिला गिअर. हँडब्रेक, थोडा, सोड, थोडा. पुढे एक छोटा पूल आणि पुलाअलीकडे जागा. मागच्या चाकांनी गिट्टी उडवली. गाडी थांबली ती पुलाच्या कठड्यापासून एका म्हशीच्या अंतरावर.

डावी सीट रिकामी. खुशालराव दार उघडून बाहेर उभे होते.


वास

आधी ते अजहरवर घसरले. डुप्लिकेट माल घातला म्हणाले. कंपनीचं तेल पुसून घेतलं तेव्हाच आपल्याला समजायला पाहिजे होतं. दोन-दोन बदलायला लावल्या आणि दोन्ही बोगस. आपण सांगितलं होतं तसं एक बदलली असती तर एकच बोगस निघाली असती. रागिणी स्टिअरिंगवर हात ठेवून बसली होती. फोनला रेंज नव्हती. शर्त तिला पाठ होती आणि ती हरली होती, हे तिला बाकी कशाहीआधी कळलं होतं. आकांक्षाला काय सांगायचं याची वाक्यं तिच्या डोक्यात आपोआप जुळायला लागली होती.

मग तिला वास आला.

पुढच्या डाव्या चाकातून धूर निघत होता, पातळसा. जळल्याचा वास असणारच. पण हा रबराचा नव्हता, लोखंडाचा नव्हता. ती खाली उतरली, चाकापाशी बसली. तिला तो वास इतका ओळखीचा होता की काही क्षण नावच सुचेना.

“मामाजी,” ती म्हणाली, “शिरा भाजल्यावानी वास येऊन राहिला.”

खुशालराव वाकले. हुंगलं. बोगस मालाबद्दलचं वाक्य त्यांनी अर्धंच सोडलं.

पाकळ्यांच्या आतल्या बाजूला पिवळे शिंतोडे उडाले होते. रागिणीनं बोट फिरवलं आणि बोट त्यांच्यापुढे धरलं. बोटावर हळद आणि तूप, वर काळी काजळी. तिला गोठ्यातला तो गोल फिरणारा हात आठवला. मग भिंतीकडची बाजू आठवली, जिथे नीट बसता आलं नव्हतं. म्हणून डावं चाक घसरत होतं आणि उजवं धरत होतं.

“आत लावलं? थाळीले?”

“खांद्यालेच लावतात.” ते म्हणाले. “अजहरच म्हने, भार खांद्यावर येते.”

“अन् धराचं काम कोन करन, मामाजी? पॅडनं तूप धराचं का डिस्क?”

खुशालरावांनी उघड्या दारातून आत हात घातला. खाली पडलेलं संत्रं उचलून त्यांनी धोतराला पुसलं.


चाबी

रागिणीनं गाडीची चाबी काढली आणि त्यांच्यापुढे धरली.

“घ्या.”

“काहून?”

“ब्रेकनं दगा देल्ला. शर्त तुमचीच होती.”

ती चिडून म्हणाली नव्हती. उलटं काही बोलली असती तर खुशालरावांना सोपं गेलं असतं. ते आवाज चढवून मोकळे झाले असते. ती हात पुढे करून तशीच उभी राहिली. चाबीला आकांक्षानं बांधलेला लाल गोंडा होता. खुशालराव पुलाकडे पाहत होते, कठडा आणि गाडीचं नाक यांच्यामधल्या जागेकडे.

“थांबोली तं तूच,” ते म्हणाले.

“थांबोली गिअरनं. ब्रेकनं नाई.”

“मी पाह्यलं ना. मी इथंच होतो.” मग म्हणाले, “हे धरत नाई.”

“काय धरत नाई?”

“हे परीक्षा. खाऊ घालून बैल बसवला त बैलाचा दोष रायते का? पुन्हा घेऊ.”

“अन् पुन्हा बसला त?”

“त मंग घेतो चाबी. आता ठेव तुह्याचपाशी.”

तिनं चाबी मुठीत धरली. पुन्हा म्हणजे पुन्हा. जिंकली नव्हती, फक्त अजून हरली नव्हती. घाट होता तिथेच होता.


जीप

धारणीकडून भगवंतची जीप वर आली, माणसांनी भरलेली. भगवंत म्हणजे या रस्त्यावर रोज दोन खेपा मारणारा. कुणाची गाडी बंद पडली की तो थांबतो, कारण त्याची पडली की बाकीचे थांबतात. त्यानं वास घेतला, हळद पाहिली, खुशालरावांची टोपी पाहिली आणि सगळं समजून गेला. मागे बसलेल्या एका म्हाताऱ्यानं विचारलं, काय झालं रे? भगवंतनं सांगितलं. जीप हसली. सगळी एकदम नाही. पुढून मागे हसू जात राहिलं, कारण मागच्यांना सांगावं लागत होतं.

“काकाजी,” मागून कोणीतरी म्हणालं, “झूल नाई टाकली का?”

खुशालरावांनी ते सहन केलं. एवढंच नव्हे, जॅक लावायला आधी तेच वाकले.

दोन्ही चाकं निघाली. भगवंतकडे पाना होता, पॉलिश पेपर होता. पॅड काढून त्यानं ते घासले, आणि सांगितलं की हे फक्त परतवाड्यापर्यंत. तूप आत मुरलंय, पॅड फेकायचे. डिस्क चांगल्या आहेत, धुतल्या की झालं. गाडीत काच पुसायला ठेवलेला कपड्यांचा साबण होता. पुलाखालून पाणी आणून तिनं डिस्क घासल्या, पातेलं घासावं तशा, आधी डावी आणि मग उजवी, आणि भगवंतनं टाकीतून काढलेल्या पेट्रोलचा बोळा फिरवला. खुशालराव पाण्याच्या खेपा आणत होते. कुणी सांगितलं नव्हतं.

गाडी वळवून ती पहिल्या-दुसऱ्या गिअरवर परतवाड्यात आली. नवे पॅड तिथेच बसवले. संध्याकाळी अजहरला फोन करून सांगितलं. त्यानं आधी विचारलं की कुणाला लागलं तर नाही ना. मग त्यानं विचारलं की तूप घरचं होतं का, कारण घरचं असेल तर वाईट झालं.


पुन्हा

दोन दिवसांनी पहाटे. आता मागे भांडी, गादी, शाळेची पेटी. रुजू व्हायचाच दिवस, आणि परीक्षाही आजच. खुशालराव डाव्या सीटवर येऊन बसले, पट्टा लावला, आणि मी सगळं पाहून राहिलो असं एकदा सांगून ठेवलं.

परतवाड्यापर्यंत रागिणी हळूहळू ब्रेक लावत गेली, अजहरनं सांगितलं होतं तसं. दर खेपेला पायाखाली थोडं जास्त उत्तर मिळत होतं. स्टिअरिंग सरळ राहत होतं. तरी तिचं सगळं लक्ष घटांगच्या पुढे होतं. सारखं वाटत होतं, बाजूचा माणूस आपल्या पायाकडे पाहतोय. पण मान वळवून बघायला तिला धीर झाला नाही.

घटांग आलं. रस्ता खाली वळला. दुसऱ्या गिअरमध्ये पहिलं वळण, ब्रेक, सरळ. दुसरं, सरळ. तिसऱ्या वळणाआड म्हशी होत्या, रस्ताभर. तिनं दाबला. हलका-बिलका नाही, पूर्ण. गाडी नाक खाली करून जागच्या जागी थांबली, आपल्या बाजूला, एका रेषेत. मागे भांडी पुढे आली आणि खणखणाट झाला.

तेव्हा कुठे तिनं डावीकडे पाहिलं.

खुशालराव पट्ट्यात पुढे लोंबकळून पुन्हा मागे टेकले. टोपी नाकावर आली होती. तोंड थोडं उघडं होतं.

“काय झालं?” डोळे न उघडता.

“काई नाई. म्हशी हायेत.”

“हं.”

म्हशी उतरून गेल्या. ती पुढे निघाली. घोरण्याचा आवाज इंजिनच्या आवाजात मिसळला होता, म्हणून आधी कळला नव्हता. आता कळल्यावर तो ऐकत ती वळणं घेत राहिली, एकामागून एक. तो पूल कधी गेला ते गेल्यावरच लक्षात आलं.

सेमाडोहला चहाच्या टपरीपाशी तिनं गाडी लावली. खुशालराव जागे झाले, टोपी नीट केली, दोन्ही बाजूंना सपाट रस्ता पाहिला.

“घाट आला का सांगजो,” म्हणाले. “मले ब्रेक पाहाचा हाय.”

“गेला, मामाजी.”

“कुठी गेला?”

“मांगं.”

त्यांनी मागच्या काचेतून पाहिलं. तिकडे भांड्यांचा ढीग आणि गादी, दुसरं काही दिसत नव्हतं. ते खाली उतरले. चाकाजवळ जाऊन वाकले, पाकळ्यांच्या आत बोट घालून पाहिलं. डिस्क कोरडी होती, आणि तापलेली. बोट झटकत मागे घेतलं. चहा आला. अर्धा चहा झाला तरी रागिणीनं परीक्षेचं विचारलं नाही, कारण विचारलं तर त्यांना उत्तर द्यावं लागलं असतं.

“शनिवारी शाळा सुटली का तशीच नीघ,” ते कपात पाहत म्हणाले. “तिकडं जेवत बसू नोको. अंधाराच्या आत घाट उतराले पाह्यजे.”

“हाव,” रागिणी म्हणाली.

तिनं चहा संपवला आणि पुढचा रस्ता टपरीवाल्याला विचारून घेतला.